टोमॅटो-चीजचा टार्ट आणि आमच्या घरचे चिरोटे

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेले भाषण)



या व्याख्यानमालेत माझ्यापूर्वी जे वक्ते येथे उभे राहिले, त्यांनी ज्ञानेश्वरीपासून मराठेशाहीपर्यंत थोर थोर विषयांवर आपणांस उद्बोधक असे काही ऐकविले. मी इतिहास विषय घेऊन झालेला साधा बी. ए. आणि व्यवसायाने केंद्र सरकारच्या लेखा खात्यातील एक अधिकारी. ‘शासकीय सेवेतील तीस वर्षे’ या विषयावर मी बोलावे, असे चिटणीसांनी सुचविले होते. परंतु त्या विषयात ऐकण्यासारखे फारसे काही नाही, आणि जे आहे ते सांगण्याची मला मुभा नाही. म्हणून मी एक खाण्याचा पदार्थ निवडला. टोमॅटो आणि चीज घालून भट्टीत भाजलेला, पापुद्रे सुटणारा खारा टार्ट. आपल्यापैकी कित्येकांच्या चेहऱ्यावर उमटलेले स्मित मला दिसत आहे. त्यास माझी हरकत नाही. पण विषय निवडण्यास कारण घडले, ते प्रथम सांगतो.

दोन वर्षांपूर्वी मंडळाच्या दिवाळी फराळाची बैठक चालू असता माझ्या मुलीने हा टार्ट करून आणण्याची तयारी दर्शविली. त्यावर सभेतील एका वडीलधाऱ्या गृहस्थांनी अगदी शांतपणे विचारले, “पदार्थ चांगलाच असेल; पण हे आपल्यात कोठे बसते?” त्या प्रश्नात कुत्सितपणा नव्हता. कोलकात्यासारख्या दूरच्या शहरात पन्नास वर्षे मराठीपण जपणाऱ्या पिढीची ती साधी काळजी होती. मुलगी गप्प बसली आणि मीही बसलो. त्या दिवशी माझ्यापाशी उत्तर नव्हते. आज आहे, असे मला वाटते. आणि ते तर्काने नव्हे, तर पोळपाट-लाटण्याने हाती आलेले आहे.

प्रथम हा पदार्थ मूळचा कोठला ते पाहू. त्याचे घर फ्रान्स. तेथे उन्हाळ्यात टोमॅटो पिकून लाल झाले, की घरोघरी हा टार्ट होतो. पापुद्र्यांच्या पारीवर मोहरीचा पातळ लेप, त्यावर किसलेले चीज, त्यावर टोमॅटोच्या चकत्या आणि थोडी सुगंधी पाने. सोबत हिरव्या पानांची कोशिंबीर असली, की एका वेळचे जेवण झाले. मेजवानीचा हा पदार्थ नव्हे. आपल्याकडे भाजी-भाकरीचे जे स्थान, तेच त्याचे.

त्याच्या पारीला फ्रेंच भाषेत जे नाव आहे, त्याचा अर्थ ‘पानापानांची कणीक’ असा होतो. तेला-तुपाचे पदर घालून पीठ लाटण्याची रीत स्पेनमध्ये आणि अरब मुलखांत पूर्वीपासून होती. फ्रान्समध्ये १६५३ साली छापलेल्या ‘ल पातिसिए फ्रांस्वा’ या पुस्तकात लोण्याच्या घड्यांची कृती आढळते, आणि पुढे आंतोनिन कारेम या नामांकित पाकशास्त्र्याने एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी ती विद्या फार नीटस केली. टोमॅटो तर त्याहून लांबचा प्रवासी. तो मूळचा अमेरिका खंडातला, आणि त्याचे नाव मेक्सिकोतील नाव्हाट्ल भाषेतले. १५४४ साली मात्तिओली नावाच्या इटालियन वैद्याने आपल्या ग्रंथात त्याचा उल्लेख केला. तरी युरोपातील बऱ्याच लोकांना पुढे कितीतरी काळ तो विषारी वाटत असे. आमच्या वऱ्हाडात त्याला भेदरे म्हणतात आणि येथील बंगाली बंधू त्याला ‘बिलिती बेगुन’, म्हणजे विलायती वांगे म्हणत आले. परक्याला प्रथम आपल्या ओळखीच्या नावाने हाक मारायची आणि मग त्याला घरात घ्यायचे, हीच रीत सर्वत्र दिसते.

आता आमच्या स्वयंपाकघरात या. २०१९ मध्ये माझी बदली कोलकात्यास झाली. आम्ही चौघे येथे आलो : मी, सौ., मुलगी आणि माझी आई. आईचा जन्म अमरावती जिल्ह्यातला. चिरोटे करण्यात तिचा हात धरणारे आमच्या गोतावळ्यात कोणी नव्हते. परंतु येथे आल्यावर तिच्या हाताला कंप सुटू लागला आणि लाटणे सुटले. सौ. नोकरी करणारी, तिला चिरोट्यांची सवय नव्हती. त्यामुळे लागोपाठ तीन दिवाळ्या आमच्या घरी चिरोटे झाले नाहीत. विकतचे आणले, तर आई एक तुकडा मोडून पाही, पदर मोजल्यासारखे करी आणि ताटलीत ठेवून देई.

मुलगी महाविद्यालयात शिकणारी. तिचे मराठी आम्हां दोघांशी बोलण्यापुरते. मैत्रिणींशी बंगाली आणि अभ्यासाला इंग्रजी. आजीचे वऱ्हाडी बोलणे तिला निम्मे कळे, आणि आजीला तिचे निम्मे. दोघींत प्रेम होते, पण बोलण्यास विषय नव्हता. ही गोष्ट मला आतून खुपत असे. परंतु उपाय सुचत नव्हता. बदलीच्या नोकरीत आपण मुलांना पुष्कळ गावे दाखवितो. एका गावात रुजू देणे मात्र आपल्या हाती राहत नाही.

२०२२ च्या मे महिन्यात मुलीने हा टार्ट करावयास घेतला. कोलकात्याचा मे महिना आपणांस ठाऊकच आहे. तिने मैद्याच्या पारीत लोणी भरले, लाटावयास सुरुवात केली आणि दुसऱ्या घडीलाच लोणी सगळीकडून बाहेर आले. ओटा, पोळपाट, हात सगळे तुपकट झाले. तरी तिने तो गोळा भाजला. बाहेर आली ती एक चिवट, तेलकट, चपटी भाकरी. मुलगी रडकुंडीला आली. दाराशी खुर्चीत बसलेली आई सगळा वेळ पाहत होती. ती म्हणाली, “पोरी, तुझा साटा पाघळला.”

मुलीने विचारले, “आजी, साटा म्हणजे काय?”

बंधुभगिनींनो, त्या प्रश्नापासून आमच्या घरात जे बोलणे सुरू झाले, ते पुढे पावणेदोन वर्षे चालले.

साटा म्हणजे काय, हे येथील भगिनींना मी सांगावयास नको. पण तरुण मंडळींसाठी सांगतो. तुपात तांदळाची पिठी घालून ते हलके होईपर्यंत फेसावयाचे, तो साटा. मैद्याच्या पातळ पोळ्या लाटून एकीवर एक ठेवताना मध्ये साटा लावावयाचा, वळकटी करून काप पाडावयाचे, ते हलक्या हाताने लाटून मंद आचेवर तळावयाचे. साट्यामुळे एक पोळी दुसरीला चिकटत नाही आणि तळताना पदर सुटतात. फ्रेंच पारीतही तत्त्व हेच. पीठाच्या दोन थरांमध्ये स्निग्ध पदार्थाचा अखंड थर राहिला पाहिजे. तो पाघळून पिठात मुरला, की थर संपले आणि भाकरी झाली. आईने एका वाक्यात केलेले निदान अचूक होते.

फरक आहे तो एवढाच. तूप म्हणजे बहुतेक निव्वळ स्नेह. लोण्यात मात्र शंभर भागांत सुमारे सोळा भाग पाणी असते. पारी कडक भट्टीत गेली, की पिठातील व लोण्यातील पाण्याची वाफ होते. पाण्याची वाफ झाली म्हणजे ती सुमारे सोळाशे पट जागा मागते. लोण्याच्या थरामुळे ती वाफ सहजी निसटत नाही, म्हणून वरचा पदर उचलते. तेवढ्यात पीठ भाजून घट्ट होते आणि पदर उचललेलाच राहतो. या पारीत यीस्ट नाही, सोडा नाही. तिला फुगविते ती केवळ वाफ. म्हणूनच लोण्याऐवजी तूप घालून ही पारी तशी फुगत नाही.

आता कृती. पाव किलो मैदा, पाऊण लहान चमचा मीठ, एक चमचा लिंबाचा रस, पंचवीस ग्रॅम लोणी आणि सुमारे सव्वाशे मिलिलिटर गार पाणी यांचे पीठ भिजवावे. फार मळू नये. मळले की पीठ रबरासारखे ताणते आणि लाटताना मागे सरते. ओल्या फडक्यात गुंडाळून अर्धा तास शीतकपाटात ठेवावे. दोनशे ग्रॅम लोणी दोन कागदांत ठेवून लाटण्याने ठोकून वीतभर चौकोनी वडी करावी. बाजारातले खारे लोणी असेल, तर पिठातले मीठ वगळावे. घरचे लोणी वापरणाऱ्यांनी ते गार पाण्यात धुऊन, फडक्यात दाबून त्यातील ताक व जादा पाणी काढून टाकावे. नाहीतर थर फाटतात.

यातली खरी परीक्षा अशी, की लोणी आणि पीठ यांचा कडकपणा सारखा असला पाहिजे. लोणी दगडासारखे असेल तर त्याचे तुकडे पडून पारी फाटते. मऊ असेल तर ते पाघळते. बोट दाबले असता ठसा उमटावा, पण बोटाला लागू नये, अशी त्याची अवस्था हवी. पारी चौकोनी लाटून त्यात लोणी पाकिटासारखे बंद करावे. मग रुंदीच्या तिप्पट लांब लाटून, कार्यालयीन पत्राची करतो तशी तीनपदरी घडी घालावी. हा एक फेर. घडी पाव वळण फिरवून पुन्हा तसेच करावे. असे एकूण सहा फेर. लेखा खात्यातील माणसास येथे हिशेब केल्याशिवाय राहवत नाही : प्रत्येक फेरास थर तिप्पट होतात. तीन, नऊ, सत्तावीस, एक्याऐंशी, दोनशे त्रेचाळीस आणि सातशे एकोणतीस. एका वडीचे सातशे एकोणतीस थर! मी हा आकडा आईला सांगितला तेव्हा ती म्हणाली, “इतके कोण मोजते? दाताखाली आले पाहिजेत.”

थंड देशात दोन फेर एका दमात होतात. कोलकात्यात एका फेरानंतर अर्धा तास शीतकपाट, हाच नियम पाळावा. आईने यावर आपला तोडगा सांगितला : पहाटे उठून करावे, पंखा बंद ठेवावा म्हणजे पीठ वाळत नाही, आणि ओट्यावर आधी बर्फाची परात फिरवावी. डिसेंबर-जानेवारीत हे सगळे सोपे होते. ज्यांना वेळ नाही, त्यांनी गोठविलेल्या तयार पाऱ्या आणाव्यात. त्यात कमीपणा नाही. फक्त वेष्टनावर घटक वाचून घ्यावेत. पुष्कळ पाऱ्यांत लोण्याऐवजी वनस्पती स्निग्धांश असतो. तो उन्हाळ्यात पाघळत नाही, पण तोंडातही लवकर विरघळत नाही आणि टाळूला चिकटतो.

पारी जमली तरी टार्ट बिघडतो तो टोमॅटोमुळे. त्यात शंभरांत चौऱ्याण्णव-पंच्याण्णव भाग पाणी असते. हे पाणी पारीत उतरले, की आपल्या सातशे एकोणतीस थरांचा लगदा होतो. म्हणून चार मध्यम, पिकलेले पण घट्ट टोमॅटो घ्यावेत, पाव बोट जाडीच्या चकत्या कराव्यात, बिया काढाव्यात, मीठ भुरभुरून चाळणीत अर्धा तास ठेवावे आणि मग फडक्याने टिपून घ्यावे. खाली उतरलेला रस फेकू नये. आमच्याकडे त्याचे त्याच दिवशी सार होते.

चीजच्या बाबतीत कोलकाताकर भाग्यवान आहेत. फ्रेंच घरांत ग्रुयेरसारखे कठीण चीज घालतात. आपल्याला न्यू मार्केटात कालिंपाँगचे चीज मिळते. ते करण्याचा पाया त्या डोंगरात स्विस मिशनऱ्यांनी घातला. तेथेच बँडेलचे छोट्या वडीसारखे, खारट आणि धुरकट चीज मिळते. त्याचे नाते हुगळीकाठच्या पोर्तुगीज वसाहतीशी सांगतात. ते रात्रभर पाण्यात भिजवून, कुस्करून चवीपुरतेच घालावे. एकूण चीज सव्वाशे ग्रॅम पुरे. त्यातले अर्धे बाजारातले साधे पाकिटातले असले तरी चालते. ते एकसारखे वितळते, पण स्वाद बेताचा म्हणून सोबत दुसरे हवे. शाकाहारी मंडळींनी एक ध्यानात ठेवावे, की युरोपातील कित्येक पारंपरिक चीजसाठी दूध विरजताना वासराच्या पोटातील रेनेट वापरतात. तेव्हा पाकिटावरील हिरवे चिन्ह पाहून घ्यावे.

आणि मोहरी! फ्रेंच मोहरीचा लेप आम्ही शोधीत होतो, तेव्हा शेजारच्या बंगाली काकीमांनी कासुंदीची बाटली आणून दिली. ती फ्रेंच मोहरीपेक्षा झणझणीत आणि पातळ. म्हणून दोन चमचेच घ्यावी आणि पारीवर बोटाने पुसल्यासारखी लावावी.

आता रचना. पारी पाव बोटाहून कमी जाडीची लाटून, धारदार सुरीने कडा सरळ कापाव्यात. कडेपासून दोन बोटे आत सुरीने हलकी रेघ ओढावी आणि रेघेच्या आतील भागास काट्याने टोचे मारावेत. म्हणजे कड फुगते आणि मध्य बसून राहतो. मध्यावर कासुंदी, तिच्यावर चीज, आणि चीजवर टोमॅटो. हा क्रम बदलू नये, कारण वितळलेले चीज टोमॅटोचे पाणी अडविते. वर मिरपूड आणि थोडा ओवा चुरून टाकावा. फ्रेंच घरांतील थाइमच्या वासाशी त्याचे जवळचे नाते आहे. कडेला वरून दूध लावावे, परंतु कापलेल्या बाजूस लागू देऊ नये. तेथे लागले तर थर एकमेकांस चिकटतात. भट्टी आधीच दोनशे अंश सेल्सिअसपर्यंत तापवावी. भट्टी थंड असेल, तर वाफ होण्यापूर्वीच लोणी वाहून जाते. पंचवीस ते तीस मिनिटांत कड सोनेरी होते. खालची बाजू उचलून पाहावी. तीही तांबूस झाली पाहिजे. दहा मिनिटे जाळीवर ठेवून मग कापावे आणि त्याच दिवशी संपवावे.

ही कृती आम्हांला एका दिवसात साधली नाही. मुलगी लाटी, आई खुर्चीतून सांगे, मी लोणी ठोकणे आणि भांडी विसळणे ही कामे करी. पाचव्या की सहाव्या वेळी पदर सुटले. आईने कडेचा तुकडा मोडला, डोळ्यांजवळ धरला आणि या वेळी तो ताटलीत ठेवला नाही; खाल्ला. “खारा चिरोटाच आहे,” ती म्हणाली.

त्यानंतर दोघी बोलू लागल्या. साटा किती फेसावा, पदर केव्हा सुटतात, पीठ मुरले हे कसे ओळखावे, आजीचे लग्न कितव्या वर्षी झाले, पहिल्या दिवाळीला तिने किती चिरोटे बिघडविले. मोहन, वळकटी, पाघळणे, मुरणे हे शब्द मुलीच्या तोंडी आले. मी तिला मराठी शिकविण्याचे पुष्कळ प्रयत्न केले होते. पुस्तके आणली होती. तेथे जे साधले नाही, ते येथे साधले, कारण येथे त्या शब्दांची गरज होती.

२०२४ च्या फेब्रुवारीत आई गेली. त्या वर्षीच्या दिवाळीत घरात गोडधोड नव्हते. परंतु २०२५ च्या दिवाळीस, वसुबारसेच्या पहाटे, स्वयंपाकघरात दिवा दिसला म्हणून मी गेलो. मुलगी एकटीच साटा फेसत होती. पंखा बंद होता. तिला मी काही विचारले नाही. लाटणे धुऊन दिले. त्या दिवशी चार वर्षे नव्हे, सहा वर्षांनी आमच्या घरी चिरोटे झाले. पदर सुटले होते. थोडे जास्त तांबूस झाले होते, ही गोष्ट आईने नक्कीच सांगितली असती.

आता त्या वडीलधाऱ्या गृहस्थांच्या प्रश्नाकडे वळतो. ते आज येथे उपस्थित आहेत, याचा मला आनंद आहे. हे आपल्यात कोठे बसते? आपल्या एकादशीच्या ताटात साबुदाणा आहे, बटाटा आहे, शेंगदाणे आहेत, हिरवी मिरची आहे. या चारही वस्तूंचे मूळ टोमॅटोप्रमाणेच अमेरिका खंडात आहे. आपल्या पूर्वजांनी त्यांना घरात घेतले ते आपली रीत सोडून नव्हे, तर आपल्या रीतीने रांधून. म्हणून परका पदार्थ घरात आला, याची मला भीती वाटत नाही. घरातली माणसे एकमेकांस काही शिकवीनाशी झाली, याची मात्र वाटते. आमच्या घरचे चिरोटे टार्टने घालविले नव्हते. ते आधीच गेले होते. टार्टच्या वाटेने ते परत आले.

तेव्हा माझी मंडळास नम्र सूचना एवढीच, की येत्या दिवाळीच्या फराळात तरुण मंडळींनी जे आणावयाचे ते आणू द्यावे; मात्र एक अट घालावी. प्रत्येक मुलाने वा मुलीने तो पदार्थ घरातल्या वडीलधाऱ्या माणसाबरोबर ओट्याशी उभे राहून केलेला असावा. टार्ट घेऊन मी स्वतः येईन. शेजारी चिरोट्यांचा डबाही असेल.